अँड्रिया येगर आणि तुझा खांदा

पुणे,
१३ एप्रिल २०२५

प्रिय वृंदा,

काल बालेवाडीहून घरी यायला खूप रात्र झाली. महिला टेनिस संघांच्या बिली जीन किंग कपचे सामने आपल्या पुण्यात आणि शेजारच्या खुर्चीत तू नाहीस, हे आठवडाभर टोचत होतं. आपला संघ प्लेऑफमध्ये गेला गं! बार्शीची प्रार्थना ठोंबरे संघात आहे, तिच्यासाठी ओरडून माझा घसा बसलाय.

पण जिच्या नावाने हा कप आहे त्या अमेरिकन टेनिसपटू बिली जीन किंगचं नाव फलकावर दिसलं की मला दुसरीच कोणी आठवायची. अँड्रिया येगर. तुझ्या कपाटाच्या दारावर वर्तमानपत्रातलं तिचं कात्रण होतं, दोन शेंड्या बांधलेली शिकागोची पोरगी. १९८३ च्या विम्बल्डन उपांत्य सामन्यात तिने याच बिली जीनला ६-१, ६-१ असं हरवलं होतं. बिली जीन ३९ वर्षांची, ही १८ ची. मग अंतिम सामन्यात मार्टिना नवरातिलोवाने तिला ६-०, ६-३ असं ५४ मिनिटांत गुंडाळलं. आपण म्हणालो, दडपण आलं असेल.

तसं नव्हतं. पुढे कित्येक वर्षांनी तिने सांगितलं की आदल्या रात्री वडिलांशी तिचं जोरात भांडण झालं होतं. वडीलच तिचे कोच. ती घराबाहेर पडली आणि जवळच उतरलेल्या मार्टिनाच्या दाराशी मदत मागायला गेली. दुसऱ्या दिवशी जिच्याशी खेळायचं तिच्याच दाराशी! हे वाचल्यापासून तो ६-० मला वेगळाच दिसतो.

१४ व्या वर्षी ती व्यावसायिक झाली, १६ व्या वर्षी जगात दुसरी. १९८४ च्या फ्रेंच ओपनमध्ये खांदा गेला. सात शस्त्रक्रिया झाल्या, तरी पूर्वीचा खेळ काही परतला नाही. वृंदा, सात! सर्व्हिस करताना सगळा जोर शेवटी खांद्यावर येतो, आणि वाढत्या वयात तिथली हाडं पुरती पक्कीही झालेली नसतात. हे आपल्याला तेव्हा कोणी सांगितलं?

आता लिहितेच. तू खांदा दुखतोय म्हणायचीस आणि सर म्हणायचे, बर्फ लाव, अजून एक बादली मार. त्या बादलीतले चेंडू एकेक करून तुझ्या हातात देणारी मी होते. तू दात आवळून मारायचीस, मी पुढचा चेंडू द्यायचे. सोळाव्या वर्षी तू रॅकेट ठेवलीस तेव्हा आपली दुहेरीची जोडी मोडली एवढंच मला दिसलं. महिनाभर मी तुझ्याशी बोलले नाही. खांद्याचं एकदाही विचारलं नाही. त्याची मला लाज वाटते.

१९९५ पासून १४ वर्षांखालच्या मुलींना व्यावसायिक स्पर्धांत उतरता येत नाही, आणि १८ पूर्ण होईपर्यंत वर्षात किती स्पर्धा खेळायच्या यावरही मर्यादा आहे. अँड्रियाच्या वेळी असं काहीच नव्हतं.

लोक तिच्याबद्दल 'वाया गेलेली कारकीर्द' असं म्हणतात तेव्हा मला राग येतो. खेळत होती तेव्हाच ती आजारी मुलांना भेटायला खेळणी घेऊन इस्पितळात जायची. पुढे टेनिसमधून मिळालेला पैसा घालून तिने कोलोरॅडोत ॲस्पेनला कॅन्सर झालेल्या मुलांसाठी संस्था उभारली, आणि २००६ मध्ये ती चक्क संन्यासिनी झाली. यातलं वाया काय गेलं?

ताईची नात आता अकराची आहे, रोज संध्याकाळी टेनिसला जाते. मागच्या मंगळवारी चेंडू मारता मारता तिने खांदा चोळला. मी उठून सरळ कोर्टवर गेले, रॅकेट काढून घेतली आणि तिला रसवंतीत नेलं. तिचे सर चिडले, चिडू देत. उद्या तिला हाडांच्या डॉक्टरांकडे नेते आहे.

जूनमध्ये येतेस ना? आणि एक सांग, अडतीस वर्षं उशिरा विचारते आहे. पावसाळ्यात तुझा खांदा अजून दुखतो का गं?

तुझी,
मंजू