बिनपडद्याची गिटार आणि आत्याचा गंधार

एर्कान ओउर उस्ताद यांस,
सप्रेम नमस्कार.

तुम्ही तुर्कीचे गिटारवादक; तिकडे तुम्ही लोक ज्याला 'उस्ता' म्हणता तो आमच्या उस्तादाचाच सख्खा भाऊ, म्हणून हा मायना. पत्र मराठीत आहे, तुमच्या हाती पडेल असं वाटत नाही. पण आभार मानायचे राहून गेलेत, ते आज मानते.

माझी आत्या जात्यावरच्या ओव्या म्हणते. त्या मी फोनवर टिपून घेतल्या आणि गिटारवर बसवायला गेले. दरवेळी एकाच जागी गाडी अडायची. आत्याचा गंधार ना कोमल, ना शुद्ध. गिटारच्या दांडीवर सुरांच्या जागा ठरवणाऱ्या ज्या आडव्या पट्ट्या असतात, ते पडदे; त्यातल्या दोन पडद्यांच्या मधे कुठेतरी. तार ओढून बघितली, तर सूर वर चढायचा. आत्याचा मात्र वरून सावकाश उतरत यायचा. शिकवणारे म्हणाले, "लोकगीतच आहे, शुद्ध लाव, कुणाला कळतंय!" मी दोन वर्षं तसंच वाजवलं. कळत होतं. मलाच कळत होतं.

मग गायक इस्माईल हक्की देमिर्जिओलू यांच्यासोबतचा तुमचा 1998 चा अल्बम कानावर पडला. नावाचा अर्थ 'गुलाबाला गंध होता'. भाषा कळेना, पण सूर मधे थांबत होते, तिथेच, त्या फटीत! मग तुमच्याबद्दल शोधून शोधून वाचलं. तुर्कीतल्या एलाझ गावातलं बालपण, कानात साझ, म्हणजे तुमच्याकडचं लांब दांडीचं तंतुवाद्य; म्युनिकला भौतिकशास्त्र शिकायला गेलात, हातात गिटार. आणि 1976 साली, बाविशीत, गिटार सरळ बिनपडद्याची केलीत.

साझला सप्तकात साधारण सतरा पडदे, धाग्याने बांधलेले, सतारीसारखे सरकवता येणारे. गिटारला बारा, तेही लाकडात ठोकलेले. शिवाय तुमच्याकडेही पडद्याला 'पेर्दे'च म्हणतात, हे कळल्यावर मी एकटीच मोठ्याने हसले. पण खरी गोष्ट पुढेच आहे. गाणं वाद्यात मावेना, तेव्हा तुम्ही गाणं कापलं नाहीत, वाद्य सोललंत. हे मला आधी कुणी सुचवलं नव्हतं.

माझी जुनी गिटार घेऊन मी मिरज गाठली. सतारी करणाऱ्या एका कारागिराने ती उलटसुलट करून बघितली आणि विचारलं, "चांगली आहे की, कशाला वाटोळं करता?" तरी पकडीने एकेक पडदा उपटला, खाचांत लाकडाच्या पातळ पट्ट्या बसवल्या, घासून सपाट केल्या. पट्ट्यांच्या रेघा मात्र दिसू दिल्या, नवख्या बोटांना खूण म्हणून. पहिले तीन महिने सगळंच बेसूर! शेजारच्या काकूंनी दार लावून घ्यायला सांगितलं.

एक प्रांजळपणे सांगते, तुमची विजेवरची, लांबच लांब सूर धरणारी गिटार मला अजून तितकीशी रुचत नाही. मी आपली परत त्या 1998 च्या गाण्यांकडे वळते.

गेल्या दिवाळीत आत्याला तिचीच ओवी वाजवून दाखवली. डोळे मिटून तिने शेवटपर्यंत ऐकली. मग म्हणाली, "बरी आहे. पण तिथं जरा लवकर उतरलीस."

दोन वर्षं शुद्ध गंधार वाजवत होते, तेव्हा ती नुसतं "छान" म्हणायची. तुमचे फार फार आभार.

तुमची,
एक गिटारवाली