कविता छापा, पण ओळी न मोडता

मा. संपादक,
स. न. वि. वि.

आपल्या सांगली आवृत्तीत रविवारी कविता येते, पण जाहिरातींतून उरलेल्या जागेत. ओळ कुठे संपली ते कळत नाही, दोन कडव्यांमधली मोकळी जागा गायब होते आणि कवीचे नाव कधीकधी राहूनच जाते. अमेरिकी कवी टेड कूझर यांनी वर्तमानपत्रांत कविता नीट छापून आणण्याचे काम कसे केले, ते या निमित्ताने कळवतो.

कूझर 1939 साली आयोवातल्या एम्स गावी जन्मले. नोकरी नेब्रास्कातल्या लिंकन शहरात, विमा कंपनीत, उपाध्यक्षपदापर्यंत पोहोचले. पहाटे उठून लिहायचे, मग ऑफिस गाठायचे. नवी कविता तिथल्या सेक्रेटरीला दाखवायची आणि तिला कळली नाही तर पुन्हा लिहायला घ्यायची. (आपल्याकडे हे सांगितले तर अर्धे कवी रागावतील.) 1998 मध्ये कॅन्सर झाला. उपचारांनंतर त्वचेला ऊन वर्ज्य, म्हणून ते उजाडण्याआधी फिरायला जात आणि त्यातून सुचलेली छोटी कविता पोस्टकार्डावर चिकटवून मित्र जिम हॅरिसन यांना धाडत. अशा 100 कार्डांचे पुढे पुस्तक झाले. 2004 मध्ये ते अमेरिकेचे पोएट लॉरिएट, म्हणजे राष्ट्रकवी झाले, 2005 मध्ये कवितेचा पुलित्झर पुरस्कारही मिळाला.

हे पद सत्कार-समारंभांत सहज संपून जाऊ शकते. कूझर यांनी मात्र 2005 साली 'अमेरिकन लाइफ इन पोएट्री' हे साप्ताहिक सदर सुरू केले. त्यांच्या पत्नी कॅथलीन रटलेज तेव्हा लिंकनच्या दैनिकाच्या संपादक होत्या, त्यामुळे वर्तमानपत्राची जागेची आणि पैशाची ओढाताण कूझर यांना घरातच दिसत होती. म्हणून सदर कोणत्याही वर्तमानपत्राला फुकट. अट एवढीच, की मजकुरात काटछाट न करता तो श्रेयासह छापायचा. वर कूझर यांची दोन-चार वाक्ये, खाली हयात अमेरिकी कवीची छोटी कविता. त्या वाक्यांत समीक्षेचा आव नसे. वाचकाला कवितेच्या दारापर्यंत सोडून ते बाजूला होत. न मागवता येणाऱ्या कवितांचा ढीग ते स्वीकारत नसत, निवड स्वतः करत. सदर टिकले यात त्या निवडीचा वाटा मोठा आहे.

आपल्याला यातले काय जमेल? पहिली गोष्ट म्हणजे रुंदी. एका कॉलमात जेमतेम चार-पाच शब्द मावतात. अभंगाचे सहा अक्षरी चरण तिथे बसतात, मुक्तछंदाची लांब ओळ मात्र मोडते आणि मोडलेला तुकडा वाचकाला नवी ओळ वाटतो. तेव्हा कविता दोन कॉलमी लावा. तरीही ओळ उलटलीच तर पुढचा तुकडा आत सरकवा. कविता वीस ओळींच्या आतली निवडा, म्हणजे ऐनवेळी जाहिरात आली तरी शेवटचे कडवे कापण्याची वेळ येणार नाही.

दुसरी अडचण फाँटची. कवी व्हॉट्सअ‍ॅपवर युनिकोडमध्ये कविता पाठवतो. ती पानाच्या फाँटमध्ये बदलताना 'दऱ्या', 'कॅलेंडर' असे शब्द बिघडतात आणि कडव्यांमधल्या रिकाम्या ओळी उडतात. मजकुरासोबत कवितेचा फोटोही मागवा आणि लावलेले पान त्याच्याशी ताडून पाहा. कविता मंगळवारपर्यंत हातात आली तर गुरुवारी कवीला प्रूफ दाखवता येते. पावसाळ्यात आयर्विन पुलाजवळची कृष्णेची पातळी फूट-इंचांत छापणाऱ्या पानाला एवढा काटेकोरपणा जड जाऊ नये.

मानधन थोडे असले तरी द्यावे, आणि संग्रहातली कविता असेल तर कवीची व प्रकाशकाची लेखी परवानगी घ्यावी. ओळख लिहिण्याचे काम दर आठवड्याला नव्या माणसाकडे देऊ नका. आवाज एकच हवा.

संक्रांतीला औदुंबरच्या साहित्य संमेलनात जिल्ह्यातले कवी एकत्र येतातच. पहिल्या दोन-तीन महिन्यांच्या कविता तिथेच निवडून, परवानग्या घेऊन ठेवता येतील आणि फेब्रुवारीच्या पहिल्या रविवारी सदर सुरू करता येईल.

आपला,
एक वाचक, विश्रामबाग, सांगली