ज्याँ मूलँ यांनी न केलेली सही

मा. संपादक,
स. न. वि. वि.

दुसऱ्या महायुद्धात जर्मन ताब्याविरुद्ध लढणाऱ्या फ्रेंच भूमिगत चळवळीचे नेते ज्याँ मूलँ यांच्यावरचा आपल्या रविवार पुरवणीतील लेख मनापासून आवडला. त्यातील छायाचित्राखाली मात्र, त्यांच्या गळ्यातला मफलर आत्महत्येच्या प्रयत्नाचा व्रण झाकण्यासाठी आहे, असे छापले आहे. हा समज फ्रान्समध्येही रूढ आहे. पुढे ते त्यासाठी मफलर वापरत हे खरे. पण हे छायाचित्र मॉन्पेलिए शहरात, ती जखम होण्याच्या आधी काढलेले आहे. एवढी दुरुस्ती सुचवण्यापुरते हे पत्र नाही. त्या व्रणाची लेखात एका ओळीत बोळवण झाली, याची मला जास्त खंत वाटली.

जून १९४० मध्ये मूलँ शार्त्र येथे प्रीफेक्ट, म्हणजे आपल्या भाषेत जिल्हाधिकारी होते. जर्मन फौज शहरात शिरली तेव्हा बहुतेक लोक घरेदारे सोडून गेले होते आणि मागे राहिलेल्यांच्या अन्नपाण्याची सोय पाहत हे चाळिशीचे अधिकारी आपल्या जागी थांबले होते. १७ जूनला जर्मन अधिकाऱ्यांनी त्यांच्यापुढे एक कागद ठेवला. फ्रेंच सैन्यातील सेनेगाली (पश्चिम आफ्रिकेतील फ्रेंच वसाहतींमधल्या) सैनिकांनी बायकामुलांवर अत्याचार करून त्यांना ठार मारले, असे त्यात लिहिले होते. वास्तविक ती माणसे बॉम्बहल्ल्यात मरण पावली होती. मूलँ यांनी सही नाकारली. त्यांना तासन्‌तास मारहाण झाली, प्रेतांजवळ कोंडण्यात आले, आणि रात्री एका सेनेगाली कैद्याबरोबर खोलीत बंद करण्यात आले. उद्या पुन्हा मारहाण झाली तर आपला हात सहीकडे जाईल, या भीतीने त्यांनी जमिनीवरच्या फुटक्या काचेने स्वतःचा गळा कापला. पहाटे पहारेकऱ्याच्या लक्षात आल्यामुळे ते वाचले. कागद सहीविना राहिला.

मी महसूल खात्यात तीस वर्षे नोकरी केली. पंचनाम्याखाली सही पडली की लिहिलेले खरे ठरते आणि ते खोडायला माणसाचे आयुष्य पुरत नाही, हे मी पाहिले आहे. मेलेली माणसे साक्ष देणार नव्हती, पकडलेल्या काळ्या सैनिकांचे कोणी ऐकून घेणार नव्हते. खोट्याला खऱ्याचे रूप यायला उणीव होती ती जिल्ह्याच्या प्रमुखाच्या सहीची. त्याच आठवड्यात लियाँजवळच्या शासले गावी जर्मनांनी शरण आलेल्या आफ्रिकी सैनिकांना गोळ्या घातल्या. शार्त्रच्या कागदावर सही झाली असती, तर असल्या कत्तलींना फ्रेंच अधिकाऱ्याच्या हातचे समर्थन मिळाले असते.

पुढचा भाग आपल्या लेखात आलाच आहे. नोव्हेंबर १९४० मध्ये जर्मनांशी सहकार्य करणाऱ्या फ्रान्सच्या विशी सरकारने त्यांना बडतर्फ केले. ते लंडनला जाऊन, तिथून फ्रान्सचा लढा चालवणाऱ्या जनरल द गॉल यांना भेटले आणि जानेवारी १९४२ मध्ये हवाई छत्रीने मायदेशी उतरले. नीसमध्ये चित्रांचे दालन उघडून त्याच्या आडोशाने त्यांनी एकमेकांवर विश्वास नसलेल्या भूमिगत गटांना एकत्र आणले. २७ मे १९४३ रोजी व्याप्त पॅरिसमध्ये आठ प्रतिकार संघटना, सहा राजकीय प्रवाह आणि दोन कामगार महासंघ यांचे प्रतिनिधी त्यांच्या अध्यक्षतेखाली एका टेबलाभोवती बसले, हे मला कोणत्याही घातपाती कारवाईपेक्षा मोठे काम वाटते. महिना उलटण्यापूर्वीच, २१ जूनला, लियाँजवळच्या कालुइर येथे ते पकडले गेले. लियाँमधील गेस्टापोचा (जर्मन गुप्त पोलिसांचा) प्रमुख क्लाउस बार्बी याने केलेल्या छळानंतर जर्मनीकडे नेत असताना ८ जुलै १९४३ रोजी त्यांचा अंत झाला.

लेखात सारा भर या शेवटच्या छळावर आहे. परंतु १९४० च्या त्या रात्री त्यांच्या पाठीशी ना संघटना होती, ना लंडनचा आदेश. ८ जुलैच्या त्यांच्या स्मृतिदिनी आपण पुन्हा लिहाल, तेव्हा छायाचित्राखालची ओळ दुरुस्त करावी आणि शार्त्रच्या त्या रात्रीला पुरेशी जागा द्यावी, ही विनंती.

आपला,
एक निवृत्त महसूल कर्मचारी, सातारा