मेळघाटला निघालीस म्हणून

ऐरोली, रविवार रात्र

मनू,

तू झोपलीस. बॅग दारात भरून ठेवलीय, हे पत्र तिच्या वरच्या कप्प्यात सापडेल.

परवा लॅपटॉपवर तू ती सायबेरियाच्या जंगलात वाढलेली आगाफ्या लिकोवा दाखवलीस. "काय नशीब बघ आई, मोबाइल नाही, गोंगाट नाही," असं म्हणालीस. माझी भाजी फोडणीला होती, म्हणून गप्प बसले.

मला मात्र त्यात मीठच दिसत राहिलं. सरकारी माणसांनी भावाला गोळी घातली, तेव्हा 1936 मध्ये तिचा बाप कार्प लिकोव धर्मापायी बायको आणि दोन पोरांना घेऊन जंगलात शिरला. आगाफ्या तिथलीच. 1978 साली भूगर्भवाल्यांना हेलिकॉप्टरातून त्यांचा शेताचा तुकडा दिसला, तोवर तिने घरच्यांखेरीज माणूस पाहिला नव्हता. पाहुण्यांनी काय काय देऊ केलं, म्हाताऱ्याने आधी घेतलं ते फक्त मीठ. चाळीस वर्षं अळणी खाल्लं होतं गं! 1961 च्या जूनमध्ये बर्फ पडून पीक गेलं, तेव्हा चामड्याचे जोडे आणि झाडाच्या साली खाल्ल्या. पोरांच्या तोंडी घास जावा म्हणून आई उपाशी मेली. पुढे राय नावाच्या धान्याचं एकच रोप उगवलं. त्याला कुंपण घातलं, उंदरांपासून रात्रंदिवस राखलं. हाती आले 18 दाणे. तुझी ती शांतता यात कुठे बसवायची?

नंतर भूगर्भवाल्यांच्या तळावर टीव्ही लागला की बाप पुढ्यात ठाण मांडायचा. आगाफ्या दारामागून डोकं काढून बघायची, आणि पाप झालं म्हणून लगेच प्रार्थना पुटपुटायची. आज तिलाच सगळे टीव्हीवर बघतात.

तुझे आजोबा खाडीवरच्या मिठागरात राबायचे. आता तिथे इमारती आहेत. मी सातवीत असताना शूटिंगवाले आले होते. अनवाणी पाय चांगले दिसतात म्हणून त्यांनी बाबांना गमबूट काढायला लावले. ऊन नीट पडेना, म्हणून तीच रास पुन्हा पुन्हा ओढायला लावली. टाचांच्या भेगांत मीठ शिरलं. रात्री आई खोबरेल चोळत होती, आणि बाबा आपले हसत, "टीव्हीवर येणार मी!" महिनाभर आम्ही शेजाऱ्यांच्या ओटीवर जाऊन बसत होतो. ते कधी लागलं, की लागलंच नाही, कोणी कळवलं नाही.

मेळघाटात शूटिंगच्या वेळी तुमच्या साहेबांनी तिथल्या एखाद्या पोराला चपला काढायला सांगितलं तर तू काय केलंस, ते मला फोनवर सांग. रेंज मिळाली तर.

खालच्या कप्प्यात सोड्यांची बरणी आहे. वासाने तुझे सोबती नाकं मुरडतील, मुरडू देत. भातासोबत परतून खा. आणि बरणी परत आण, मागच्या वेळची अजून आली नाही.

आई