वारो फिरलो

झांझिबार, ४ मे

तीर्थरूप आई-बाबांना आणि आजीला शिरसाष्टांग नमस्कार. दादा-वहिनीला नमस्कार, चिऊला खूप पापे.

मी खुशाल आहे. फोनवर रोज सांगते, तरी लिहिते, कारण आजीला फोनवर धड ऐकू येत नाही आणि तिला माझं पत्र हातात धरायचंय असं वहिनी म्हणाली. चिऊने मोठ्याने वाचून दाखवावं. नोकरीचं नवीन काही नाही. तीच लवंग, ओलावा बारा टक्क्यांच्या वर निघाला की पोतं परत वाळवायला. बाबा, दापोलीत शिकलेलं रोज उपयोगी पडतंय.

चिऊने विचारलं होतं, आत्या, तिथला समुद्र जादूचा आहे का? आहे गं. पूर्वेच्या किनाऱ्यावर ओहोटीला पाणी इतकं मागे जातं की होड्या वाळूत कुशीवर निजतात, आणि बायका चालत समुद्रात जाऊन दोरीला बांधून वाढवलेलं शेवाळ काढून आणतात. भरती आली की शेत पाण्याखाली. पण खरी जादू वाऱ्याची. डिसेंबरपासून मार्चपर्यंत तो ईशान्येकडून येतो, त्याला इथे कास्काझी म्हणतात. एप्रिलच्या सुमारास तो पाठ फिरवतो आणि दक्षिणेकडून वाहू लागतो, तो कुसी. कच्छची, मस्कतची गलबतं कास्काझीवर कापड आणि खजूर घेऊन यायची, वारा फिरेपर्यंत इथेच मुक्काम करायची, आणि कुसीवर लवंग, हस्तिदंत, खारफुटीचे वासे भरून परत जायची. ते वासे जेवढे लांब, तेवढीच इथल्या जुन्या घरांतली खोली रुंद. माझीही तशीच, अरुंद पण हवेशीर.

आजी, तुझे वडील तांडेल होते ना? त्यांची वाट बघताना तुझी आई म्हणायची ते तू आम्हाला सांगायचीस, "वारो फिरलो, आता घराक येतले." इथल्या घरांतही बायकांनी असंच म्हटलं असणार. भाषासुद्धा फार परकी नाही. बंदर म्हणजे बंदारी, दुकान म्हणजे दुका, पैसा म्हणजे पेसा, लाख म्हणजे लाकी.

बंदरासमोर सुलतान बर्गाशने १८८३ साली बांधलेला मोठा महाल आहे. नाव बैत-अल-अजाइब, म्हणजे आश्चर्यांचं घर. झांझिबारात वीज पहिल्यांदा तिथे आली. २०२० च्या डिसेंबरात त्याचा एक भाग कोसळला. आई, मी समोरच्या बाजूने चालते, भिंतीखालून नाही.

पुढचं दादाने मनात वाचावं. या बंदरातून माणसंही विकली गेली. तो बाजार १८७३ मध्ये बंद झाला, आता त्या जागी चर्च आहे. मी एकदाच आत जाऊन आले. त्या दिवशी तुमचा फोन लवकर ठेवला तो त्यामुळे, बरं नव्हतं म्हणून नाही.

आता एक गोष्ट नीट समजावून सांगते, कारण बाबांना वाटतं मी वेळेची गफलत करते. इथली माणसं घड्याळ सूर्योदयापासून मोजतात. आपले सकाळचे सात म्हणजे त्यांचा एक वाजला, 'सा मोजा'. आपले नऊ म्हणजे तीन. दुपारचे बारा म्हणजे सहा, आणि संध्याकाळी सातला पुन्हा एक. कुणी वेळ सांगितली की तिच्यात सहा मिळवायचे. पहिल्याच आठवड्यात मला 'सा ताटू'ला, म्हणजे तीनला, नमुने घेऊन बोलावलं होतं. मी दुपारी तीनला पोचले, आणि ती बिचारी माणसं सकाळी नऊपासून बसलेली. मला रडूच आलं. पण विचार केला तर त्यांचंच बरोबर वाटतं. विषुववृत्त जवळ, त्यामुळे बाराही महिने सूर्य सहा-साडेसहाला उगवतो, मग दिवस तिथूनच का मोजू नये? आजीसुद्धा दिवस किती वर आला ते बघूनच वेळ सांगते. वारांचंही तसंच. शनिवार पहिला, रविवार दुसरा असं मोजत बुधवार पाचवा होतो, आणि गुरुवारचं नाव अरबीतून आलंय, त्याचाही अर्थ पाचवा! फोनची वेळ मात्र बदलू नका. तुमच्या साडेनऊला इथे सात वाजतात, जेवण झालेलं असतं.

हो, जेवते. वजन कमी झालेलं नाही, तो फोटो अंधारात काढलाय. मच्छरदाणीतच झोपते. एकटी आहे म्हणजे एकाकी नाही. खालच्या मजल्यावरच्या घरमालकीणबाई दार वाजवून विचारपूस करतात, गल्लीतली मुलं मला हाक मारतात. अंगभर कपडे घालते, सगळ्याच घालतात, त्यात मला काही जड जात नाही. हुरुम्झी गल्लीत देऊळ आहे, तिथे जाते. दार-एस-सलामला जायचं तर मोठ्या फेरीबोटीनेच, दोन तासांत पोचते. लहान होडीत पाय ठेवत नाही.

पैसे पाठवलेत, आठवड्यात खात्यावर येतील. आधी कौलं घ्या आणि पाऊस यायच्या आत शाकारणी उरकून घ्या. बाबांनी स्वतः छपरावर चढू नये. उरलेले सोसायटीच्या हप्त्यात भरा. मी पोटाला चिमटा काढून पाठवले नाहीत, आई, पुन्हा तसं म्हणू नकोस.

कुडाळच्या मावशीने सुचवलेल्या स्थळाला मी नाही म्हणत नाही. त्यांना माझ्याशी बोलायचं असेल तर जरूर बोलेन. पण नोकरी सोडून लगेच या अशी अट असेल, तर मावशीला आताच नको म्हणून कळवा.

आणि हे फोनवर तीनदा ओठांवर आलं, बोलवलं नाही. करार आणखी एक वर्षाने वाढवलाय. लवंगेचा मोठा हंगाम जुलैनंतर लागतो, तेव्हा रजा मिळणार नाही. या वर्षी मी गणपतीला येत नाही. गणपतीच्या डोक्यावरची माटवी दादाने बांधावी, दरवर्षी मी सुपाऱ्या-कवंडळं ओवते ती आता चिऊला शिकवा. आजी, रागावू नकोस. पुढच्या वर्षी नक्की येते. तू मात्र तब्येत सांभाळ, गोळ्या चुकवू नकोस.

आठवडाभर इथे कुसी जोरात आहे, खिडकी लावून घ्यावी लागते. हाच वारा विषुववृत्त ओलांडून वळतो आणि अरबी समुद्रावरून तुमच्याकडे पाऊस घेऊन येतो. जूनमध्ये वेंगुर्ल्यात पहिली सर आली की मला लगेच कळवा, रात्र असली तरी.

तुमची,
बाय

ता. क. वहिनी, गणपतीचं आधी आईला एकटीला सांग, मग आजीला वाचून दाखवा.