गोळीच्या नावाचा शेवट

महोदय,

डायझेपाम, लोराझेपाम, क्लोनाझेपाम या नावांचा शेवट सारखा आहे, आणि तो योगायोग नव्हे. जागतिक आरोग्य संघटनेने गुंगी आणणाऱ्या एका गटाच्या औषधांच्या मूळ नावांना दिलेली ती ओळख आहे. ब्रँडचे नाव असे काहीच सांगत नाही. डायझेपाम १९६३ साली 'व्हॅलियम' म्हणून बाजारात आले. हे नाव 'सशक्त असणे' या अर्थाच्या लॅटिन शब्दावरून घेतल्याचे सांगतात. गुंगी आणणाऱ्या औषधाला हे नाव, म्हणजे कमालच!

दोन डॉक्टरांनी लिहिलेल्या दोन ब्रँडच्या गोळ्या एकाच गटातल्या निघू शकतात. मूळ नाव वाचले नाही, तर नकळत दुप्पट मात्रा पोटात जाते. त्यात मद्य घेतलेले असेल तर श्वास मंदावून जिवावर बेतू शकते.

उलटही घडते. क्लोनाझेपाम अपस्मारासाठीही, म्हणजे फिट येण्याच्या आजारासाठीही, देतात. पण 'झोपेची गोळी' म्हणून घरचे ती परस्पर बंद करतात आणि रुग्णाला झटके येतात. बातम्यांमध्येही सरसकट 'झोपेच्या गोळ्या' एवढेच छापले जाते. औषधाचे मूळ नाव कळलेले असेल तेव्हा तेही द्यावे, ही विनंती.

– एक नियमित वाचक