‘स्लोडाइव्ह’ हरवला नव्हता

मा. संपादक,
स. न. वि. वि.

रविवारच्या पुरवणीतला ‘स्लोडाइव्ह’ या ब्रिटिश रॉक बँडवरचा लेख आवडला, पण ‘मोबाइलवाल्या पिढीने शोधून काढलेला बँड’ हे वाक्य खटकले. हा बँड हरवला नव्हता, त्याला हुसकावले गेले होते. आणि त्यात छापील समीक्षेचा मोठा हात होता. नेमके तेच लेखात नाही.

इंग्लंडमधल्या रेडिंगचे नील हॉल्स्टेड आणि रेचेल गॉसवेल शाळेपासूनचे दोस्त. १९८९ मध्ये बँड निघाला, ‘क्रिएशन’ या रेकॉर्ड कंपनीने करार केला. सुरुवातीच्या ईपींना, म्हणजे तीन-चार गाण्यांच्या छोट्या रेकॉर्डना, ब्रिटिश संगीत साप्ताहिकांनी अक्षरशः डोक्यावर घेतले. १९९१ चा पहिला अल्बम मलाही थोडा पातळच वाटतो. पण १९९३ मध्ये ‘सुव्लाकी’ आला तोवर हवा फिरली होती. त्यांपैकीच एका, ‘मेलडी मेकर’च्या समीक्षकाने लिहिले, हे पुन्हा ऐकण्यापेक्षा लापशीने भरलेल्या टबात गुदमरून मेलेले परवडेल! ज्या अल्बममधल्या दोन गाण्यांत ब्रायन इनोसारखा नामवंत संगीतकार आहे, त्याची ही संभावना.

मामेभावाने या अल्बमची कॅसेट दिली तेव्हा मला टेपच खराब वाटली. मी स्पिरिट लावून हेड पुसले, तरी आवाज तसाच! तानपुरा जुळला की एकेका तारेचा आघात वेगळा ऐकू येत नाही, तसे यांच्या गिटारींचे आहे. रिव्हर्ब (घुमारा) आणि डिले (प्रतिध्वनी) देणाऱ्या, पायाने चालवायच्या पेडलांमधून जाताना सुराची धार बोथट होते, एक सूर विरायच्या आत दुसरा त्यात मिसळतो. नील आणि रेचेलचे आवाजही पुढे येत नाहीत, त्या धुक्यातच राहतात. सारखे खाली पेडलांकडे बघत वाजवतात म्हणून या मंडळींना ‘शूगेझर’, म्हणजे बुटांकडे टक लावणारे, म्हणून हिणवले गेले. आज तेच नाव मिरवले जाते.

१९९५ च्या ‘पिग्मॅलियन’ला तुमच्या लेखात एकच ओळ मिळाली, हा अन्याय झाला. गिटारींच्या भिंती पाडून तिथे जवळजवळ शांतता ठेवणारा हा त्यांचा सर्वांत धाडसी अल्बम. तो बाजारात आला आणि आठवडाभरात कंपनीने बँडला नारळ दिला. तेव्हा गाजत असलेला ‘ओॲसिस’ हा दणदणीत रॉक बँडही त्याच कंपनीचा. त्या काळात असल्या संथ संगीताची पत्रास कोण ठेवणार? पुढे त्यांच्यातल्या तिघांनी ‘मोहावी ३’ हा बँड काढला, तो वेगळा विषय.

२०१४ मध्ये बँड पुन्हा उभा राहिला, २०१७ ला नवा अल्बम आला. २०२३ चा ‘एव्हरीथिंग इज अलाइव्ह’ ब्रिटनच्या अल्बम-खपाच्या यादीत सहाव्या क्रमांकावर गेला. रेचेलची आई आणि ड्रमर सायमन स्कॉटचे वडील २०२० मध्ये वारले, त्यांना तो अर्पण केला आहे. तेव्हा मोबाइलवाल्या पोरांचे आभार मानायला माझी हरकत नाही. आमच्या घरी मात्र ‘पिग्मॅलियन’ लावला की मुलगी आतून ओरडते, ‘‘बाबा, नेट गेलं का?’’

– एक वाचक, डोंबिवली